तोंडातल्या टाचण्या

धामणकर नाक्याच्या मागच्या आमच्या गल्लीत एक विचित्र शिस्त होती. कुणाला कुणाची चुगली करायची असली की माणसं आधी दामूकाकांच्या ओट्याकडे पाठ करायची. काका ओट्यावर पेपर वाचत बसलेले असत. अंतर चांगलं पन्नास पावलांचं, मध्ये शेअर रिक्षांची रांग आणि तिचा गोंगाट. तरीही पाठ करायची. नव्यानं राहायला आलेल्यांना हे कळायला आठवडाभर लागायचा, आणि तोवर त्यांच्या घरातलं बरंच काही काकांना कळलेलं असायचं.

गंमत म्हणजे दामूकाका बहिरे होते. डावा कान पूर्ण गेलेला, उजवा नावापुरता. उभा जन्म पॉवरलूमच्या कारखान्यात जॉबर म्हणून काढलेला. जॉबर म्हणजे बिघडलेला लूम ताळ्यावर आणणारा माणूस. ज्यांनी चालू कारखान्यात पाऊल ठेवलेलं नाही त्यांना तो आवाज सांगून कळणार नाही. तिथे कानाला तोंड लावून ओरडलं तरी ऐकू येत नाही. त्यामुळे आत काम करणारे सगळे ओठांवरून बोलणं वाचतात आणि राहिलेलं हातांनी भागवतात. दोन बोटांची कात्री म्हणजे धागा तुटला. नसलेल्या मिशीला पीळ म्हणजे शेठ आला. काका या विद्येत सगळ्या भिवंडीत पहिले असावेत. मराठी, हिंदी, मालेगावकडची उर्दू, तेलुगू विणकरांचं बोलणं, सगळं त्यांना ओठांवर दिसायचं.

ते गेले त्याला आता वर्ष होईल. अजूनही मी फोनवर कुणाबद्दल वाईटसाईट बोलायला लागले की आधी त्या ओट्याकडे पाठ करते. सवय जात नाही.

काकांचा मात्र एक नियम होता. "दिसतं सगलं," ते म्हणायचे, "पन चांगलं आसंल तेवढंच बोलायचं. बाकीचं पोटात." आणि खरंच, त्या पोटात काय काय होतं देव जाणे. टीव्हीवर क्रिकेट लागलं की ते आवाज बंद करूनच बघत आणि विकेट पडल्यावर एकटेच हसत. गोलंदाज काय म्हणाला असं आम्ही विचारलं तर म्हणायचे, "बायामानसांत सांगन्यासारखं न्हाय." 

काका मूळचे वळ गावचे. गावाकडच्या शेतांवर गोदामं उभी राहिली, भाऊ तिकडे रमले, काका मात्र आपल्या कारखान्याजवळच राहिले. एकदा त्यांच्या पुतणीचं लग्न होतं, मीही गेले होते. मुलगा पडघ्याचा, शिकलेला, पण फार कमी बोलणारा. मुलीची आई दोन महिने काळजीत होती, की हा घुम्या आपल्या पोरीला जीव लावेल की नाही. स्टेजवर फोटोंची झुंबड उडालेली. काका मांडवाच्या दुसऱ्या टोकाला जेवायला बसले होते. मध्येच ते उठले, हात तसाच वरणभाताचा, आणि थेट मुलीच्या आईपुढे जाऊन उभे राहिले.

"कालजी सोड," ते म्हणाले. बहिऱ्या माणसाचा आवाज, अर्ध्या मांडवाला ऐकू गेला. "पोरगा आत्ता तिला काय बोलला म्हाईत हाय? बोलला, पाय दुखत असतील तं चपला काढ, शालूखाली कोनाला दिसनार न्हाय. आनि सोता वाकून बाजूला सरकवल्या."

सगळ्यांनी स्टेजकडे पाहिलं. नवरदेव लाजून लालबुंद झाला होता, आणि नवरीच्या चपला खरंच खुर्चीखाली होत्या. आईला मांडवातच रडू आलं. काका पुन्हा जाऊन वरणभाताला लागले.

त्यांचं स्वतःचं लग्न कसं जमलं हे ते कुणालाही, कधीही, न विचारता सांगायचे. यमुनाकाकू त्याच कारखान्यात कांडी भरायला होत्या. कांडी म्हणजे आडव्या धाग्याची छोटी नळी. ती धोट्यात बसते आणि धोटा पळाला की कापड होतं. कांड्या भरणाऱ्या बायका तुटलेल्या धाग्याचं टोक ओठांत धरून हात चालवतात, त्यामुळे काकूंचं तोंड कायम मिटलेलं. तीन महिने काका लूमच्या पलीकडून त्यांच्याशी नुसत्या ओठांनी बोलत होते आणि पलीकडून उत्तर म्हणून काही येत नव्हतं. शेवटी एक दिवस त्यांनी चालू कारखान्यात विचारून टाकलं, माझ्याशी लगीन करशील का.

"तं हिनं काय केलं?" काका थांबून ऐकणाऱ्याच्या तोंडाकडे बघायचे. "मशीन बंद केली."

बस. काकूंनी कांडीचं मशीन बंद केलं आणि त्यांच्याकडे पाहत उभ्या राहिल्या. चालतं मशीन कारणाशिवाय बंद करणं म्हणजे कारखान्यात पापच. कांड्या खुंटल्या, समोरचे चार लूम उपाशी राहिले, मुकादम शिव्या देत धावत आला, आणि त्या गडबडीत उत्तर राहूनच गेलं. पुढे दोन्ही घरच्यांनी बसून लग्न ठरवलं.

"म्हंजे बघ मास्तरीन," काका मला म्हणायचे, "संसार जाला, पोरी नांदायला गेल्या, पन हिनं मना अजून हो म्हनून सांगितलेलं न्हाय."

हे ऐकताना काकू शेजारी बसून साड्यांना फॉल लावत असायच्या. कारखाना सुटल्यावर त्यांनी फॉल-बिडिंगचं काम धरलं होतं. तोंडात आठ-दहा टाचण्या, मांडीवर कुणाची तरी साडी. त्या नुसत्या भुवया उडवायच्या. काकू अशाच. काका बोलून जे उधळायचे ते त्या गप्प राहून गोळा करायच्या.

मग मास्कचे दिवस आले. बाकी जगाची तोंडं झाकली गेली, काकांचे कान झाकले गेले. दोनच दिवसांत त्यांचं हसणं गेलं. दूधवाला, औषधवाला, पोलीस, सगळे नुसते डोळे. मी दारात उभी राहून काहीतरी विचारलं तर ते माझ्या मास्ककडे बघत राहिले. रागानं म्हणाले, "सगल्यांनी दारं लावून घेतली माज्या तोंडावर." आणि आत निघून गेले.

चौथ्या दिवशी काकू बाहेर आल्या. त्यांच्या मास्कला मधोमध खिडकी होती. नव्या साडीवर येतं ते पारदर्शक प्लास्टिक कापून त्यांनी कापडात शिवलं होतं, आणि त्या खिडकीतून त्यांचे ओठ स्वच्छ दिसत होते. श्वासानं वाफ धरली की बोटानं आतून पुसायच्या. आठवड्यात त्यांनी गल्लीतल्या प्रत्येकाला तसा एकेक मास्क शिवून दिला, आणि आम्ही सगळे, कितीही वेडगळ दिसत असलो तरी, काकांच्या ओट्यावरून जाताना तोच लावायचो. चुगलीवाल्यांचं नुकसान झालं, पण कुणी कुरकुर केली नाही.

आता एका पिच्चरकडे येते. मी मुंबईच्या एका कॉलेजात फॅशनवाल्या मुलांना कपड्यांचा इतिहास शिकवते. एका जुन्या वस्तू जमवणाऱ्या गृहस्थांनी मला एका मूकपटाचा तुकडा संगणकावर उतरवून दिला. अकरा मिनिटांचा. नाव सांगणारी पाटी गेलेली, मधल्या पाट्यांतली एकच उरलेली. गोष्ट साधी होती. मुंबईतलं एक भपकेबाज कपड्यांचं दुकान. नायिका तिथे नवे कपडे अंगावर घालून श्रीमंत गिऱ्हाइकांसमोर मिरवते आणि उरलेल्या वेळात शिवणकाम करते. नायक एका धनाढ्याचा मुलगा. तिच्याजवळ राहता यावं म्हणून तो शिंप्याचं सोंग घेऊन त्याच दुकानात चिकटतो, आणि त्याला सुई धरता येत नाही. गिऱ्हाइकाच्या सदऱ्याची बाही तो स्वतःच्या कोटालाच शिवून टाकतो.

मला त्यातल्या साड्यांचं कापड ओळखायचं होतं. म्हटलं, कापड पडतं कसं हे दामूकाकांइतकं कोण सांगणार. लॅपटॉप घेऊन दुपारी त्यांच्या घरी गेले. काकू आत भाकऱ्या थापत होत्या. काकांनी चष्मा पुसला, स्क्रीनला नाक लावलं आणि सुरुवातीला अगदी जॉबरसारखे बोलले. "ही रेशमी. ही न्हाय, हिला निसती चकाकी दिलीय. हिचा काठ मागनं जोडलाय." मी भराभर लिहून घेत होते. एवढ्यात प्रेमाचा प्रसंग आला. नायकानं गुडघा टेकला, हात छातीवर ठेवला, डोळे वर केले. आणि काका खो खो हसत सुटले.

"काय झालं?"

"अगं, हा मराठी बोलतोय!"

मी चित्र थांबवलं. मूकपटात आवाज नसायचा, पण तोंडं तर हलायचीच. आणि नट त्या वेळी काय वाटेल ते बोलायचे, हे मी वर्गात शिकवत होते. ते कुणी वाचू शकेल हे मात्र माझ्या डोक्यात आलं नव्हतं. मी प्रसंग मागे नेला. पाटीवर होतं, "तुझ्यावाचून मी म्हणजे दोऱ्यावाचून सुई." आणि त्याच वेळी नायक जे बोलत होता ते काकांनी वाचून दाखवलं: "उरका रे लवकर. उन्हानं मिशी सुटायला लागलीय. आन् हिच्या पदराखाली माझा हात अडकलाय."

"आणि ती? ती काय म्हणते?"

काकांनी तीनदा पाहिलं. "तिची भाषा येगलीच हाय. साहेबाची वाटतंय. तिला याचं कायच समजत न्हाय." मग हळूच म्हणाले, "तरी बघ कशी ऐकतेय."

शेवटच्या मिनिटात नायकाचं सोंग उघडं पडतं. नायिका खाली बसून एका झग्याची किनार सारखी करत असते, तोंडात टाचण्या. तो तिच्यासमोर येऊन उभा राहतो आणि विचारतो. इथे पाटी नाही, पण काकांनी वाचलं: "येशील का माझ्या घरी?" हे मात्र त्यानं खरंच म्हटलं होतं. ती वर बघते. तोंडातली एक टाचणी काढते, टाचण्यांच्या उशीला टोचते. दुसरी काढते. तिसरी. चौथी. आणि तुकडा संपतो.

काका स्क्रीनकडे बघत राहिले. "पुढं?"

"पुढचा भाग हरवलाय, काका. कुणाकडेच नाही."

"म्हंजे ती हो बोलली का न्हाय बोलली?"

"माहीत नाही."

हे त्यांच्या मनाला फार लागलं. पुढे महिनाभर, मी दिसले की त्यांनी हाताची चार बोटं एकेक करून मिटायची आणि भुवया वर करायच्या. पुढं?

त्याच सुमाराला ते जिन्यात दोनदा पडले. काकू त्यांना डोळ्यांच्या डॉक्टरकडे घेऊन गेल्या. काचबिंदू निघाला, बराच पुढे गेलेला. डॉक्टरांनी थेंब दिले आणि समजावून सांगितलं, की गेलेली नजर परत येणार नाही आणि राहिलेलीही फार दिवस टिकणार नाही. डॉक्टरांचं सगळं बोलणं काकांनी स्वतःच वाचलं. कुणाला लपवता आलं नाही.

संध्याकाळी ते ओट्यावर एकटे होते. मी जाऊन बसले. त्यांच्यापुढे उगीच ओठ हलवायची सोय नव्हती. शेवटी तेच बोलले.

"आंधला जालो तं जालो, मास्तरीन. भिंतीला धरून चालंन. पन यमुना काय बोलते ते मना कसं समजंल?" 

आजवर मी त्यांना कुणापुढे हात पसरताना पाहिलं नव्हतं. त्या दिवशी त्यांनी माझा हात धरला. "तो उरलेला पिच्चर गावला तं बघ. डोलं हायत तवर."

मी शोधलं. त्या गृहस्थांना छळलं, जुन्या चित्रपटांच्या संग्रहांना पत्रं लिहिली, भंगारवाल्यांपर्यंत गेले. काही मिळालं नाही. हात हलवत परत येऊन तसं सांगितलं तेव्हा काका म्हणाले, "बरं, मग हाय तेवढाच दाखव परत." या वेळी त्यांनी काकूंनाही हाक मारली. काकू हातातली साडी तशीच घेऊन आल्या आणि तोंडात टाचण्या धरून आमच्या मागे उभ्या राहिल्या.

काकांना आता स्क्रीनचा मधला भागच दिसत होता. मान इकडेतिकडे फिरवून ते चित्र गोळा करत होते. नायकानं विचारलं. नायिकेनं टाचण्या काढल्या. एक, दोन, तीन, चार. अंधार.

"बघ," काका वळून काकूंना म्हणाले. "बोलायच्या आत तुटला. आता कसं समजायचं?"

काकूंनी तोंडातल्या टाचण्या काढून पदराला टोचल्या आणि काकांना दिसेल अशा समोर येऊन बसल्या.

"समजायचं काय राह्यलंय त्यात? न्हाय म्हनायला टाचन्या काढाव्या लागत न्हाईत. मान हलवली तरी भागतं."

काका त्यांच्याकडे पाहत राहिले. त्यांना कांडीचं मशीन आठवलं असणार. मला तर आठवलंच. इतकी वर्षं गल्लीभर सांगत हिंडले, की हिनं उत्तर दिलं नाही. आता त्यांचे डोळे भरून आले, आणि नेमके तेच डोळे पुसायला हवे होते, नाहीतर पुढचं दिसलं नसतं. काकू मात्र उठून चहा टाकायला गेल्या.

"मास्तरीन," काका म्हणाले, "लिवून ठेव. हो बोलली."

वर्षाच्या आत नजर गेली. मग दामूकाका गप्प झाले. जवळ जाऊन खांद्यावर हात ठेवला की ओळखायचे, तळहातावर कारखान्यातल्या खुणा केल्या की थोडंफार कळायचं. कात्री, मिशी, तेवढ्यावर किती बोलणार? माहेरी येणारी त्यांची मुलगी सांगायची, की घरात बाहेरचं कुणी नसलं की आई बाबांची बोटं आपल्या ओठांवर ठेवून बोलते, आणि बाबांना ते बरंच कळतं. पण हे चारचौघांत कधी नाही. आगरी घरातला जुना माणूस, बायकोच्या तोंडाला लोकांसमोर हात लावायचा म्हणजे मरणाची लाज. काकूंनाही तेवढीच. पाहुणे आले की काका भिंतीला टेकून बसायचे, सगळ्यांच्या मध्ये आणि सगळ्यांपासून तुटलेले. मला ते बघवायचं नाही म्हणून माझं जाणं कमी झालं. याची खंत मला आहे.

शेवटचे दिसले ते लग्नसराईच्या दिवसांत. दुपारी माझी एक साडी फॉलला द्यायला गेले. काकूंचं घर गिऱ्हाइकांनी भरलेलं. पाच-सहा बायका, प्रत्येकीला घाई. एक तर म्हणत होती, "मावशी, संध्याकालची हलद हाय, माजी आधी करा." काकू मान खाली घालून टाचण्या लावत होत्या. काका पलंगाच्या कडेला बसले होते. जमिनीच्या हादऱ्यावरून कुणी आलंय हे त्यांना कळलं असावं. त्यांनी तोंड वर केलं आणि भलत्याच दिशेला बघत विचारलं, "कोन आलंय?"

काकूंचे हात थांबले. त्यांनी माझ्याकडे पाहिलं, त्या बायकांकडे पाहिलं. एरवी त्यांनी उठून काकांच्या तळहातावर एखादी खूण केली असती. मग त्यांनी तोंडातली एक टाचणी काढली आणि उशीला टोचली. दुसरी काढली. तिसरी.  सगळ्या टाचण्या काढून काकू उठल्या, काकांसमोर बसल्या, त्यांचा उजवा हात धरून बोटं आपल्या ओठांवर ठेवली. काकांनी दचकून हात मागे घ्यायला पाहिलं. काकूंनी सोडला नाही.

"मास्तरीन आलीय," त्या म्हणाल्या. सावकाश, सगळ्यांसमोर.

काकांच्या बोटांनी ते वाचलं. चेहरा कसा बदलला ते मला सांगता येणार नाही. ते हसले आणि माझा अंदाज घेत, जवळपास बरोबर माझ्याकडे वळून मोठ्यानं म्हणाले, "उरलेला पिच्चर गावला का गं?"

"नाही, काका," मी म्हटलं. काकूंनी ते त्यांच्या बोटांना सांगितलं.

"ऱ्हाऊ दे," काका म्हणाले. "आता नको."

मग त्यांनी मला कॉलेजचं विचारलं, पुतणीला मुलगी झाली ते सांगितलं, नाक्यावरचा पूल झाला का विचारलं, आणि प्रत्येक उत्तर काकू त्यांच्या बोटांवर ठेवत राहिल्या. बायका बसून होत्या. हळदीची साडी काकूंच्या जागेवर उलगडून पडली होती, शेजारी टाचण्यांची उशी. मी तिथे असेपर्यंत त्या साडीला पुढची टाचणी लागली नाही.